तेरा भागांची जागा

मा. केंद्रप्रमुख,
मुंबई दूरदर्शन केंद्र, वरळी यांस



आपल्या केंद्राकडे माझी एक मागणी आहे. ती आधीच सांगतो. सह्याद्री वाहिनीवर आठवड्यातला एक अर्धा तास लेखकाला द्या. एका लेखकाला तेरा आठवडे मिळावेत. त्यानं किंवा तिनं ते लिहावं आणि स्वतःच उभंही करावं. तेरावा भाग दाखवून झाला की ती मालिका संपावी आणि पुढच्या आठवड्यात दुसऱ्या कुणाची सुरू व्हावी.

ही मागणी का करतोय ते कळावं म्हणून मला दोन गोष्टी सांगाव्या लागतील. एक माझी आहे, ती लहान आहे. दुसरी सई परांजपे यांची आहे आणि ती तुमच्याच घरातली आहे.

मी मराठी मालिकांचे संवाद लिहितो. सतरा वर्षं हेच काम करतोय आणि याच कामावर माझं घर चाललं आहे. काही वर्षांपूर्वी एका खासगी वाहिनीच्या मालिकेत नायिकेचा धाकटा दीर लिहायला मिळाला. वय एकोणीस, जन्मापासून अंध. पटकथेत त्याचं एवढंच वर्णन होतं. मी त्याला मिरजेला पाठवलं, तंबोरे बनवणाऱ्या कारागिरांकडे. तिथं तो जवारी काढायला शिकतो. तंबोऱ्याच्या घोडीवर कानस फिरवायची, तार लावायची, सूत सरकवायचं, ऐकायचं, पुन्हा घासायचं. हे काम कानाचं आहे आणि ते त्याला इतरांपेक्षा लवकर जमायला लागतं. घरातली माणसं त्याची कीव करतात, त्या कारखान्यात मात्र त्याला कुणी ‘बिचारा’ म्हणत नाही. असे चार-पाच प्रसंग लिहिले. माझ्या सतरा वर्षांत मी लिहिलेलं सगळ्यात खरं काही असेल तर ते प्रसंग.

गुरुवारी प्रेक्षकसंख्येचे आकडे आले. ट्रॅक चालत नाही, असं सांगण्यात आलं. रविवारचा महाएपिसोड जवळ आला होता. देवीच्या उत्सवात त्या मुलाला दृष्टी येते, पहिल्यांदा वहिनीचा चेहरा पाहतो आणि तिच्या पाया पडतो, असं वन-लाइन आलं. मी ते लिहिलं. दुपारी दोनपर्यंत सीन पाठवायचे होते आणि मी दीडलाच पाठवले. दृष्टी आल्यावर त्या मुलाचं मालिकेत काही काम उरलं नाही. दोन आठवड्यांनी तो शिकायला परदेशी गेला आणि परत आला नाही.

तो महाएपिसोड लागला त्या रात्री मी सई परांजपे यांचा ‘स्पर्श’ पाहिला, कितव्यांदा ते आठवत नाही. त्यातला अनिरुद्ध अंधशाळेचा मुख्याध्यापक आहे. डॉक्टरकडे जाताना गाण्याचा आवाज ऐकून भलत्याच दारात जाऊन उभा राहतो आणि तिथून त्याची आणि कविताची ओळख होते. त्याला मदत नको असते. त्याची कामं तो स्वतः करतो, कुणी हात पुढे केला की चिडतो. त्याचा हा ताठा इतका आहे की प्रेमसुद्धा त्याला दया वाटायला लागते. सबंध चित्रपटात त्याला दृष्टी यावी असं लेखिकेला एकदाही वाटत नाही. प्रश्न त्याच्या डोळ्यांचा नाहीच, दोन माणसांनी एकमेकांना बरोबरीनं कसं वागवायचं याचा आहे. नसीरुद्दीन शाह यांना त्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पटकथेसाठी सई परांजपे यांना मिळाला आणि सर्वोत्तम हिंदी चित्रपटाचाही मिळाला.

हे लिहिणारी बाई कुठे घडली, असं मी त्या रात्री स्वतःला विचारलं. उत्तर मला माहीत होतं, पण तोवर त्याचा अर्थ ध्यानात आला नव्हता. त्या दूरदर्शनमध्ये घडल्या.

सई परांजपे यांचा जन्म 1938चा, लखनऊचा. आई शकुंतला परांजपे, कुटुंबनियोजनासाठी रस्त्यावर उतरून काम करणाऱ्या, पुढे राज्यसभेवर नियुक्त झालेल्या. वडील रशियन चित्रकार. आजोबा रँग्लर परांजपे, फर्ग्युसनचे प्राचार्य आणि पुढे ऑस्ट्रेलियात भारताचे उच्चायुक्त, त्यामुळे बालपणाचा काही काळ तिकडेही गेला. आठव्या वर्षी त्यांचं गोष्टींचं पुस्तक छापून आलं, ‘मुलांचा मेवा’. मग पुण्याच्या आकाशवाणीवर निवेदन, मग दिल्लीला राष्ट्रीय नाट्य विद्यालयात अल्काझींच्या हाताखाली शिक्षण. 1963 साली तिथून बाहेर पडल्या. हे सगळं मराठी वाचकांना माहीत आहे. ‘सय’ या त्यांच्या आत्मकथनात ते त्यांनी सविस्तर सांगितलंही आहे. मला बोलायचं आहे ते त्याच्या पुढच्या वर्षांबद्दल. त्यांच्याविषयीच्या लेखांत ही वर्षं बहुतेक वेळा एका ओळीत आटपतात: काही काळ दिल्ली दूरदर्शनवर निर्मात्या होत्या.

दिल्लीचं दूरचित्रवाणी केंद्र 15 सप्टेंबर 1959ला सुरू झालं, आकाशवाणी भवनातल्या तात्पुरत्या स्टुडिओतून. सुरुवातीला आठवड्यातून दोनच दिवस प्रक्षेपण असे. रोजचे कार्यक्रम 1965 पासून. ते दूरदर्शन अजून आकाशवाणीचंच एक अंग होतं, दोघांचे संसार 1976मध्ये वेगळे झाले. पु. ल. देशपांडे तिथल्या अगदी आरंभीच्या निर्मात्यांपैकी. म्हणजे मराठी लेखकाचं आणि या माध्यमाचं नातं मुंबईत मनोरा उभा राहण्याच्या आधीपासूनचं आहे.

‘निर्माता’ म्हटलं की आज आपल्या डोळ्यांपुढे पैसे घालणारा माणूस येतो. दूरदर्शनचा निर्माता तसा नव्हता. ते आकाशवाणीच्या परंपरेतून आलेलं पद होतं आणि त्याचे अधिकार पैशाचे नसून कल्पनेचे होते. विषय सुचवायचा, संहिता मिळवायची किंवा स्वतः लिहायची, माणसं निवडायची, तालमी घ्यायच्या, नेपथ्यवाल्याशी भांडून एक खिडकी वाढवून घ्यायची आणि मग पॅनेलवर बसून आता कोणत्या कॅमेऱ्याचं चित्र घरोघरी जाणार हे क्षणाक्षणाला सांगायचं. बराचसा मामला थेट प्रक्षेपणाचा. नट चुकला तर ती चूकही प्रेक्षकांपर्यंत पोचणार. कृष्णधवल चित्र, स्टुडिओ अरुंद, पैसा बेताचा. अशा ठिकाणी लेखक काय शिकतो, हे मी माझ्या धंद्यातल्या माणसांना नेहमी सांगत असतो. लांबलचक भाषण लिहिलं तर कॅमेरा कुठं न्यायचा हे स्वतःलाच ठरवायचं असतं, म्हणून भाषण लहान होतं. चार खोल्या उभ्या करता येत नाहीत, म्हणून एका खोलीत चार माणसं काय काय करतील याचा विचार होतो. आणि लिहिणाराच निर्माता असल्यामुळे कागदावरचं वाक्य नटाच्या तोंडी खोटं वाटतं, ते त्याच दिवशी कळतं. माझ्या वाट्याला ते कळणं आठ दिवसांनी येतं, घरच्या टीव्हीवर, जेव्हा काही करता येत नाही.

सई परांजपे यांची लेखणी या शाळेत बसली. त्यांच्या चित्रपटांतली माणसं पाहा. ‘चश्मे बद्दूर’मधले तिघं एका खोलीत राहतात, उधारीवर सिगरेटी ओढतात, आणि पानवाल्या लल्लनमियाँना त्यांची इतकी काळजी आहे की हिशेबाची वही हाही त्या मैत्रीचाच भाग होऊन जातो. धुण्याची पावडर विकायला दारात आलेली मिस चमको साध्या बादलीत टॉवेल बुचकळून प्रात्यक्षिक दाखवते. हिंदी चित्रपटातल्या किती प्रेमकथा कपडे धुण्यापासून सुरू झाल्या असतील? हा सगळा ऐवज लहान पडद्याचा आहे. आणि तो तसा योगायोगानं नाही. ‘चश्मे बद्दूर’ 1981चा, पण त्याच्याआधी दिल्ली दूरदर्शनसाठी त्यांनी ‘धुआँ धुआँ’ केलं होतं, आणि चित्रपटाचं बीज तिथलं आहे. ‘स्पर्श’चं बीजही त्यांच्या दूरदर्शनच्याच काळातलं. दिल्लीच्या अंधशाळेशी आणि तिथल्या मुख्याध्यापकांशी त्यांची ओळख झाली, त्या माणसाची ऐट मनात राहिली, आणि काही वर्षांनी त्यातून अनिरुद्ध उभा राहिला. तीच शाळा चित्रीकरणालाही मिळाली. ‘कथा’ मुंबईच्या चाळीतली. तिच्या मुळाशी स. गं. साठ्ये यांचं ‘ससा आणि कासव’ हे मराठी नाटक आहे. माझ्या मते हा त्यांचा सर्वांत पक्का चित्रपट, कारण शर्यत कासवानं जिंकल्यावरही सशानं केलेली मोडतोड नायिकेच्या आयुष्यातून पुसली जात नाही. राजारामला, म्हणजे त्या कासवाला, ते सांगितलं जातं, तो ऐकून घेतो, आणि तरी तिचा हात धरतो.

इथं मला जे कळलं ते असं. या लेखिकेनं कोणतीही मोठी गोष्ट पहिल्याच वेळी मोठी लिहिली नाही. आधी ती लहान पडद्यावर, थोड्या पैशांत, थोड्या लोकांसमोर करून पाहिली. चुकली असेल तिथं चुकली. मग वर्षानुवर्षं मनात ठेवली आणि पुन्हा लिहिली. दूरदर्शन हा त्यांचा कच्चा खर्डा होता. आणि हा खर्डा चालवण्याचा पगार सरकार देत होतं, ही गोष्ट मला आज जवळजवळ चमत्कारासारखी वाटते.

लहान पडद्याला कमी लेखण्याचा यात काही प्रश्नच नाही. 1972चा ‘द लिटिल टी शॉप’ हा त्यांचा दूरचित्रवाणीसाठीचाच चित्रपट. त्याला तेहरानमध्ये आशियाई प्रसारण संघटनेचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी आपलं केंद्र सुरू झालं, 2 ऑक्टोबरला, आणि मुंबई दूरदर्शनच्या उद्घाटनाचा कार्यक्रम करायला त्यांनाच निवडण्यात आलं. म्हणजे आपण ज्या इमारतीत बसता त्या केंद्राचा पहिला श्वास एका लेखिकेच्या हातून घेतला गेला. पुढे त्या बालचित्र समितीच्या दोनदा अध्यक्ष झाल्या, मुलांसाठी ‘जादू का शंख’ आणि ‘सिकंदर’ केले, रंगभूमीवर ‘जास्वंदी’ आणि ‘सख्खे शेजारी’ केली. चित्रपटांनी नाव झाल्यावरही त्या छोट्या पडद्याकडे परतल्या. 1984ला ‘अडोस पडोस’, 1985ला ‘छोटे बडे’, आणि चाळीतल्या पाखरांची ‘हम पंछी एक चाल के’. या नावांकडे नुसतं ओळीनं पाहिलं तरी लक्षात येतं की शेजार हा या बाईंचा आयुष्यभराचा विषय आहे. नाटकात शेजारी, मालिकेत शेजारी, चित्रपटात चाळ. एकच माती तीन भट्ट्यांत भाजून पाहिल्यासारखी. असा लेखक घडायला तीनही भट्ट्या पेटत्या असाव्या लागतात. आज नाटकाची पेटती आहे, चित्रपटाची कधी असते कधी नसते, आणि तिसरी विझली आहे.

कुणी म्हणेल, रँग्लर परांजपे यांच्या नातीला संधी काय, कुठेही मिळाली असती. मी हा मुद्दा टाळणार नाही. घरानं त्यांना इंग्रजी दिलं, निर्भयपणा दिला, वाकड्या नजरेला भीक न घालण्याची सवय दिली. पण 1960च्या दशकात पंचवीस-तीस वर्षांच्या मुलीच्या हातात कॅमेरे कोण देत होतं? हिंदी चित्रपटसृष्टीत दिग्दर्शक स्त्रिया तेव्हा बोटांवर मोजण्याएवढ्याही नव्हत्या. दिले ते दूरदर्शननं. आणि हा एका घराण्याचा विशेष नव्हता, याचा पुरावा आपल्याच केंद्रात आहे. विजया जोगळेकर-धुमाळे यांनी चि. वि. जोशींच्या चिमणरावाला पडद्यावर आणलं आणि दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांची ती जोडी महाराष्ट्राच्या घरातली माणसं झाली. सुहासिनी मुळगावकर यांनी ‘प्रतिभा आणि प्रतिमा’मध्ये साहित्यिकांना बोलतं केलं. विनायक चासकर यांचा ‘गजरा’ आणि अरुण काकतकर यांचं ‘शब्दांच्या पलीकडले’ हे ज्यांनी पाहिलं त्यांना आजही कार्यक्रमाच्या नावाबरोबर निर्मात्याचं नाव आठवतं. आज कोणत्या मालिकेच्या निर्मात्याचं नाव प्रेक्षकाला ठाऊक असतं? आणि लेखकाचं?

त्या काळातलं सगळं चांगलं होतं असं मी म्हणणार नाही. सरकारी माध्यमाचा सरकारी सूर होताच, आणीबाणीत तर फारच होता. निर्मात्याला एखादी परवानगी मिळवायला फाईल किती टेबलांवरून फिरवावी लागे, हे जुन्या मंडळींकडून मी ऐकलं आहे. पण त्या टेबलांच्या पलीकडे गेल्यावर जे हाती यायचं ते पूर्ण त्याचं असायचं. त्याचा शेवट दुसरं कुणी लिहीत नसे.

आता माझ्या धंद्याची रीत सांगतो, कारण आपल्याला ती बाहेरून दिसते तशी नाही. मालिकेच्या श्रेयनामावलीत कथा एकाची, कथाविस्तार दुसऱ्याचा, पटकथा तिसऱ्याची आणि संवाद चौथ्याचे असतात. हे सगळे कष्टाळू लोक आहेत आणि त्यांतले काही फार गुणी आहेत. पण एका माणसाला पूर्ण गोष्ट माहीत नसते, कारण पूर्ण गोष्ट अस्तित्वातच नसते. शेवट ठरलेला नसतो. शेवट म्हणजे ज्या आठवड्यात आकडे पडतील तो आठवडा. तीन हजारांहून जास्त भाग चाललेली मराठी मालिका आपण पाहिली आहे. एवढं लांब लिहायला प्रचंड ताकद लागते आणि ती लिहिणाऱ्यांपुढे मी मान लवतो. पण शेवट माहीत नसताना लिहिलेल्या माणसाचं काय होतं, ते मला माहीत आहे. त्याला काही शिकता येत नाही. त्याचा स्वभाव बदलता येत नाही, कारण उद्या तो पुन्हा पहिल्यासारखा हवा असतो. आणि बदलायचाच झाला तर एका रात्रीत, देवीच्या उत्सवात.

यात वाहिन्यांवर राग धरून उपयोग नाही. त्यांचा धंदा जाहिरातींवर चालतो, आकडे दर गुरुवारी येतात आणि त्या आकड्यांवर शेकडो माणसांची पोटं आहेत, माझंही आहे. त्यांच्याकडे मी खर्डा लिहायला जागा कशी मागणार? दुकानदारानं माल विकण्याच्या जागेत कारागिराला शिकायला बसवावं असं म्हणण्यासारखं ते होईल. ओटीटीवर तेरा भागांची, आठ भागांची मालिका होते, पण तिथं मराठीची दारं अरुंद आहेत, आणि नवख्या माणसाला आधी काय केलंत असं विचारतात. म्हणून मी आपल्याकडे आलो आहे. लोकांच्या पैशांवर चालणारी, आणि गुरुवारची वाट न पाहता कार्यक्रम करू शकेल अशी मराठीतली वाहिनी एकच आहे.

तेरा हा आकडा माझा नाही. तो आपलाच आहे. ऐंशीच्या दशकात प्रायोजित मालिका सुरू झाल्या तेव्हा दूरदर्शन तेरा भागांच्या हिशेबानं मंजुरी देत असे. वर्षाच्या बावन्न आठवड्यांचे चार समान वाटे. एका तिमाहीत एक गोष्ट. हा कार्यालयीन हिशेब होता, पण लेखकाला तो फार मानवला. तेरा भागांत माणूस भेटतो, आवडतो, चुकतो, आणि निरोप घेतो. चौदाव्या भागाची भीती नसते, त्यामुळे बाराव्या भागात त्याला जे करायचं ते करता येतं. त्याच दशकानं ‘हम लोग’सारखी दीडशेहून जास्त भागांची मालिकाही दिली, आणि तीही मनोहर श्याम जोशी या एका लेखकाच्या नावानं ओळखली जाते. तेव्हा मोठ्या गोष्टीलाही धनी होता. मी मोठी मागत नाही.

चार लेखक, चार तिमाह्या, एक वर्ष. खर्च कमी ठेवा. बाहेरचं चित्रीकरण नको म्हणा, आपला स्टुडिओ आणि आपले कॅमेरे वापरा, तीन भिंतींचं नेपथ्य द्या. अडचण असली की लिहिणारा शोध घेतो. अट एकच ठेवा. जो लिहील त्यानंच पॅनेलवर बसायचं. शिकवावं लागलं तर शिकवा, आपल्या केंद्रात अजून ती माहिती असलेले लोक आहेत आणि निवृत्त झालेल्यांपैकी कितीतरी जण बोलावलं तर आनंदानं येतील. मालिका पडली तर पडू द्या. सई परांजपे यांचाही दिल्लीच्या स्टुडिओतला प्रत्येक प्रयोग यशस्वी झाला असेल असं मला वाटत नाही. तो पडायला जागा होती, म्हणून पुढचा उभा राहिला.

लिहिणाऱ्यांचा तुटवडा पडणार नाही, याची खात्री मी देतो. एकांकिका स्पर्धांच्या रात्री पुण्याच्या भरत नाट्य मंदिराबाहेर उभे राहून पाहा. बाविसाव्या वर्षी मुलं असं काही लिहून जातात की आम्हा मोठ्यांना दोन दिवस झोप येत नाही. मग त्यांतली निम्मी नोकरीला लागतात आणि बरीच आमच्याकडे येतात, संवादाला. तिसऱ्या वर्षी त्यांच्या वाक्यांत आणि माझ्या वाक्यांत फरक राहत नाही. मला ते पाहवत नाही.

आणखी एक सांगणं आहे. पहिल्या काळात चित्रफिती महाग असत आणि एकाच फितीवर जुना कार्यक्रम पुसून नवा घेतला जाई. अनेकांचं अनेक वर्षांचं काम असं गेलं. गेलं ते गेलं. पण जे उरलं आहे, ते निर्मात्याच्या आणि लेखकाच्या नावानिशी लोकांपुढे ठेवा. प्रसार भारतीनं 2024 साली ‘वेव्ह्ज’ हे स्वतःचं ओटीटी गोव्यात सुरू केलं, तेव्हा जागेचा प्रश्न आता नाही. कार्यक्रमाच्या नावानं तर तो सापडावाच, पण ‘लेखन-निर्मिती’ या सदराखालीही शोधता आला पाहिजे. एखाद्या मुलीला विजया जोगळेकर-धुमाळे किंवा सई परांजपे हे नाव टाकून त्यांचं दूरचित्रवाणीचं उरलेलं काम एका बैठकीत पाहता आलं, तर माझ्या या पत्राची अर्धी पानं तिला वाचायला लागणार नाहीत. 2013मध्ये ‘चश्मे बद्दूर’ची नवी आवृत्ती आली, त्याच दिवशी जुना मूळ चित्रपटही पुन्हा चित्रपटगृहांत लावला गेला आणि तरुण प्रेक्षक तो पाहायला गेले. चित्रपटाला ते भाग्य मिळालं. त्याच्या खर्ड्यालाही मिळावं, कारण लिहायला शिकणाऱ्याला पक्क्या कृतीपेक्षा खर्डाच जास्त शिकवतो. कुठं काय खोडलं, कोणतं माणूस वाढलं, कोणता विनोद वाचला, हे दोन्ही शेजारी ठेवल्यावरच कळतं.

ही जागा मला स्वतःसाठी नको आहे. माझी सतरा वर्षं झाली आणि माझ्या हाताला आता वेगळी सवय लागली आहे. पहिले चार लेखक तिशीच्या आतले घ्या, त्यांतल्या निदान दोन मुली असू द्या, आणि निदान एक जण मुंबई-पुण्याबाहेरचा. आलेली हस्तलिखितं वाचायला माणूस लागेल. पहिलं वर्षभर ते काम मी विनामोबदला करीन. शनिवारी दुपारनंतर माझे सीन गेलेले असतात. मी दादरला राहतो, वरळीला तीनपर्यंत पोचतो. हस्तलिखितं कितीही असोत, शेवटच्या पानापर्यंत वाचीन आणि प्रत्येकाला उत्तर लिहीन. त्यात कुणी जवारी काढणारा अंध मुलगा लिहिला असेल, तर तेराव्या भागापर्यंत त्याच्या डोळ्यांना कुणी हात लावणार नाही, एवढं मी पाहीन.

आपला,
एक संवादलेखक
दादर, मुंबई